वळणावरचा एक फूट

खाणवस्ती, लोणावळा
१६ फेब्रुवारी, रविवार

प्रिय यशो,

सप्रेम जयभीम. पाकिटावरचं माझं अक्षर बघून घाबरू नकोस, कोणी आजारी नाही. फोनवर आपण दोघंही "जेवलीस का", "जेवले" यापुढे जात नाही, आणि गेलोच तर मला सांगायचं असतं ते फोन ठेवल्यावर आठवतं. शिवाय फोनवर बोललेलं खोडता येत नाही. म्हणून हे पत्र. आधी कच्चं लिहिलं, मग हे पक्कं. कागद तुझ्याच कपाटातला आहे, बारीक चौकटींचा, त्यावर ओळ वाकडी जात नाही. परवा तू विचारलंस, आप्पा, आवाज का बसलाय, आणि मी म्हणालो, धूळ फार आहे. धूळ खरीच आहे. कसली, ते त्याच्या जागी येईल. पाया सोडून भिंत चढवायची मला सवय नाही.

आजारी नाही म्हटलं, पण दमलोय. छप्पन्नावं चालू आहे आणि गुडघे सत्तरीतले. खंडाळ्याच्या ज्या बंगल्याचं काम सध्या आपल्या "पायरी"कडे आहे, त्याला खालून वर अठ्ठावीस पायऱ्या आहेत. मालक सगळ्यांना सव्वीस सांगतो. त्याने कधी मोजल्या नसणार, गाडी वरपर्यंत जाते त्याची. मी दिवसातून चार वेळा चढतो-उतरतो आणि प्रत्येक वेळी अठ्ठावीसच भरतात. शनिवार-रविवार तर हायवेवर मुंबई-पुण्याच्या गाड्यांची अशी रांग लागते की वस्तीतून पलीकडच्या दुकानात जायला पाव तास लागतो. त्या गाड्यांतली माणसं काचा खाली करून येसूबाईकडून चिक्की घेतात. चिक्कीच्या कारखान्यातलं काम सोडून तिने आता रस्त्यावरच टेबल मांडलंय. तुझ्यासाठी तिळाची दोन पाकिटं देऊन गेली. न बोलता ठेवली आणि गेली. येसूबाई न बोलता गेली, यावरून काय ते समज.

"पायरी" चालू आहे, म्हणजे दार उघडं असतं. स्नेहल सकाळचं ऑफिस बघते. बाहेरचं कोणी आलं की ती अजूनही तू शिकवलेलं घडाघडा सांगते: आम्ही बंगल्यांची, हॉटेलांची कामं घेतो, त्यातून वस्तीचं काम चालतं, वस्तीचे आराखडे वस्तीतलीच माणसं करतात, आमच्या यशोधराताई आर्किटेक्ट आहेत, पण त्या आधी या वस्तीतल्या आहेत. "आहेत" म्हणते, "होत्या" म्हणत नाही. मग पाहुणे विचारतात, ताई कुठे भेटतील, आणि स्नेहल म्हणते, कामानिमित्त इंदूरला. तुझं पुठ्ठ्याचं मॉडेल भिंतीशी आहे. चौसष्ट घरं, प्रत्येकाच्या छपरावर मालकाचं नाव. सव्वीस रंगवलेली, अडतीस कोरी. मी दर सोमवारी कोरड्या ब्रशने त्याच्यावरची धूळ काढतो. कोऱ्या घरांवर धूळ जास्त दिसते.

त्या अडतीस जणांनी संमतीचे कागद परत मागितले त्याला दीड वर्ष झालं. बांधकाम परवानगीची मुदत येत्या ३१ मार्चला संपते. तोवर दुसऱ्या टप्प्याची मोजणी होऊन काम सुरू झालं नाही, तर फाइल बंद होईल आणि ती माणसं आणखी वीस वर्षं त्याच पत्र्याखाली राहतील. हे तुला माहीत आहे. तू प्रत्येक फोनला स्नेहलला तारीख विचारतेस, हे मलाही माहीत आहे.

धोंडिबा आबा बरा आहे. रेल्वेच्या गँगमध्ये चौतीस वर्षं घण मारलेला माणूस, छातीत स्टेंटची जाळी बसवली तरी घरात बसतोय कुठे. डॉक्टरने तंबाखू सोडायला सांगितली तर म्हणतो, "जाळी लोकंडाची हाय, तमाकूनं काय गंजती व्हय?" सकाळी वळणावरच्या आपल्या ओट्यावर येऊन बसतो आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला तो दिवस सांगतो. "मला खुर्चीत बशिवलं आन् चौघांनी उचललं, नवरदेवावानी. निस्ती वाजंत्री न्हवती." लोक हसतात. मी आत स्वयंपाकघरात असतो, तिथे सगळं ऐकू येतं. गेलं दीड वर्ष मी ते रोज ऐकतोय.

तू लहान होतीस तेव्हाचं आठवतं का तुला? सात वर्षांची असशील. मी तुंगार्लीकडे एका बंगल्याच्या कंपाउंडची मोजणी करत होतो आणि माझा जोडीदार आलाच नाही. टेपचं टोक धरायला कोणी नव्हतं म्हणून तुला नेलं. तुला सांगितलं होतं, हे शून्याचं टोक, हे भिंतीला टेकवून धरायचं, मी "सोड" म्हणेपर्यंत हलायचं नाही. तुझ्या पायावर मुंगळे चढले तरी तू हलली नाहीस. रडत होतीस, पण टोक जागेवर. त्या दिवशी रात्री तुझी आई मला जेवताना बोल बोल बोलली, आणि मी मनात म्हणत होतो, पोरीचा हात पक्का आहे. पुढे बारावीपर्यंत प्रत्येक सुट्टीत टोक तूच धरलंस आणि आकडा मी वाचला.

मी सातवीपर्यंत शिकलो, तेही खाणीत दगड फोडता फोडता. नकाशा वाचायला कोणी शिकवलं नाही. बंगल्यांच्या कामावर सिमेंटच्या गोण्या भिजू नयेत म्हणून त्यांच्यावर जुने नकाशे टाकत, ते मी घरी आणायचो आणि तुझी आई भाकरी थापायची तेव्हा चुलीच्या उजेडात बघायचो. कुठली रेघ भिंत, कुठली तुळई, कुठला जिना, एकेक करून उमगत गेलं. दोन वर्षं लागली. एकदा मुंबईच्या एका मोठ्या आर्किटेक्टच्या नकाशात जिन्याला एक पायरी कमी आहे हे मी दाखवलं, आणि त्याने सगळ्यांसमोर माझा हात हातात घेतला. ही गोष्ट तू माझ्या तोंडून शंभर वेळा ऐकली असशील. आज शेवटची सांगतो. पुढचं लिहायला ती इथे हवी आहे.

मिस्त्री झालो तेव्हा मी शंभर फुटी टेप घेतली होती, तीच पुढे वापरत राहिलो. अकरा वर्षांनी एका कामावर कोणाचं तरी फावडं तिच्यावर पडलं आणि पहिला फूट तुटला. मी नवी घेतली नाही. बरोबर एकच्या खुणेवर कापली, तिथे पितळेची कडी बसवली, आणि तेव्हापासून आकडा वाचायचा तो एक वजा करून. तू कॉलेजात असल्यापासून मागे लागली होतीस, आप्पा, नवी घ्या, कधीतरी विसराल. मी म्हणायचो, विसरणारा मोजायला येत नाही. आणि खरंच नाही विसरलो. कडी बसवल्यापासून नऊ वर्षं नाही.

तुझी आई गेली त्या दुपारबद्दल आपण दोघं कधी बोललो नाही. तू पुण्यात दुसऱ्या वर्षाला होतीस. तिला अर्धांगाचा झटका आला, गाडी खाली रस्त्यावर उभी, दोन माणसं स्ट्रेचर घेऊन वर आली आणि जुन्या घराच्या वळणावर अडकली. एका बाजूला खाणीचा कातळ, दुसऱ्या बाजूला आपलीच भिंत, मधे जेमतेम तीन फूट. स्ट्रेचर आडवं होईना, उभं करता येईना. शेवटी तिला गोधडीच्या झोळीत घालून नेलं. त्यात किती वेळ गेला, ते मी मोजलं नाही. आयुष्यात तेवढंच मोजलं नाही. तू आलीस, सगळं झाल्यावर त्या वळणावर जाऊन उभी राहिलीस, हात पसरून दोन्ही भिंतींना टेकवलेस. दोन्ही कोपरं वाकलेलीच राहिली. मला वाटतं, "पायरी" त्या दिवशी सुरू झाली. पाटी पाच वर्षांनी लागली, तो भाग वेगळा.

म्हणून तर तू वस्तीचा आराखडा करताना घरांपासून सुरुवात केली नाहीस. खाणीच्या सपाटीवर पांढऱ्या फक्कीने गल्ल्या आखल्या, खऱ्या मापाच्या, आणि सगळ्या वस्तीला बोलावलंस. वळण किती रुंद हवं ते मी सांगणार नाही, म्हणालीस, तुम्ही सांगा. स्ट्रेचर आणलं, येसूबाईला त्याच्यावर झोपवलं आणि दोघांनी उचलून फक्कीच्या वळणावरून न्यायला सांगितलं. ती वरून ओरडत होती, "पाडलंत तर भूत हून हितंच बसंन रे, वळणावर! येनाऱ्या-जानाऱ्याला चिक्की मागंन." साडेतीन फुटांना पाय रेघेबाहेर गेले. चारला मागच्याचं कोपर गेलं. साडेचारला स्ट्रेचर मधे थांबवून मागे-पुढे करावं लागलं. पाचला एका दमात वळलं. तेव्हा आबाने काठीने जमिनीवर पाचचा आकडा काढला आणि म्हणाला, "ह्याच्याखाली कुनी आलं तर माज्याशी गाट हाय." कागदावर पाच नंतर आले. आधी ते सगळ्यांच्या डोळ्यांनी बघितले. मी चाळीस वर्षं बांधकामात आहे, पण लोकांना एका आकड्यावर असं खूश झालेलं मी पाहिलं नव्हतं.

आता मोजणीच्या दिवसाचं लिहितो. तुझा नियम होता, प्रत्येक माप दोनदा. एकदा मोजायचं, मग टोकं बदलून दुसऱ्याने मोजायचं, दोन्ही आकडे वहीत आणि शेजारी तारीख. स्नेहलला, आबाला, कोणालाही सूट नव्हती. आपल्या घराच्या जागेची पाळी आली तेव्हा तुझ्या कॉलेजची अकरा मुलं-मुली बघायला आली होती. एका बाजूला कातळ, एका बाजूला रेल्वेच्या हद्दीची भिंत, दोन्ही न हलणारे. मधल्या जागेत आपलं घर दहा फूट आणि उरलेली गल्ली. कडी तू कातळाला लावून धरली होतीस. त्यातल्या एका मुलीने मला विचारलं, काका, तुम्ही हे कुठे शिकलात? आणि मी सुरू झालो. चुलीच्या उजेडापासून ते मुंबईच्या आर्किटेक्टपर्यंत. टेपही दाखवली. म्हटलं, हिचा पहिला फूट नाही, म्हणून वाचताना एक सोडायचा, हे डोक्यात ठेवून काम करायचं, यंत्रावर विसंबायचं नाही. ती मुलं वहीत लिहून घेत होती. आणि बोलता बोलता मी आकडा सांगितला, पंधरा. तू लिहिलास. टोकं बदलायला तू उठलीस तेव्हा मी हसून म्हणालो, माझं माप पुन्हा घ्यायचं नसतं, मुलांनो. तू पुन्हा बसलीस आणि वही मिटलीस. सगळ्या मोजणीत तेवढं एकच माप एकदा घेतलेलं आहे.

जागा चौदा फूट होती, यशो. पंधरा नव्हे. घर गवंड्यांच्या नव्या टेपने हद्दीच्या भिंतीपासून बरोबर दहा फूट बांधलं, त्यात सुताचा फरक नाही. उरले ते चार. डोळ्याला कळायला हवं होतं. कळलं नाही असं लिहिलं तर खोटं होईल. प्लास्टरच्या वेळी एकदा वळणावर उभा होतो आणि गल्ली अंगावर आल्यासारखी वाटली. मग मीच मला सांगितलं, कातळ पोट काढून आहे म्हणून तसं दिसतं. टेप खिशात होती. काढली नाही.

आणि मग त्या ऑगस्टमध्ये, गुरुवारी दुपारी दोनला, आबाच्या छातीत दुखायला लागलं आणि स्ट्रेचर आपल्या स्वयंपाकघराच्या कोपऱ्यावर अडकलं. त्याच जागी. फरक एवढाच की भिंत आता विटांची होती आणि तुझ्या हातच्या आराखड्यातली होती. आबा वाचला. खुर्चीतून नेलं. पण वस्तीने जे बघायचं ते बघितलं.

रविवारी समाजमंदिरात बैठक झाली. त्यात कोण काय बोललं ते तू विसरली नसशील, मीही नाही. येसूबाई उभी राहिली, "आमच्या समद्यांकडनं ईत-ईत मोजून घितलं, आन् सवताचं सैपाकघर फूटभर वाडिवलं व्हय गं?" मागून कोणीतरी म्हणालं, "बाईंनी बापाला आहेर केला." लोक हसले. ते हसणं मला अजून ऐकू येतं. तू उठलीस. आवाज जराही चढवला नाहीस. म्हणालीस, घर दहाच फूट आहे, कोणीही मोजून घ्या. पण गल्ली चार आहे आणि ती पाच हवी होती. आराखडा माझा, सही माझी, चूक माझी. कशी झाली म्हणून तिघांनी विचारलं. माझी, एवढंच म्हणालीस. मी दाराशी बसलो होतो, चपलांच्या शेजारी. सोमवारी कागद परत मागायला रांग लागली. तीन आठवड्यांनी तू इंदूरची नोकरी घेतलीस. स्टेशनवर मी तुझी बॅग उचलली आणि वजनाबद्दल काहीतरी बोललो.

दाराशी गप्प बसलेल्या माणसाला काही कळलं नव्हतं असं तुला वाटत असेल, असं मी दीड वर्ष धरून चाललो. मला कळलं होतं. शुक्रवारी सकाळीच, कोणी उठायच्या आत, मी वळण मोजलं होतं. चार भरल्यावर आतलं दहा मोजलं, बेरीज चौदा आली, आणि कडीची टेप हातात घेऊन मी आपल्या ओट्यावर बसलो. म्हणजे रविवारी मला ठाऊक होतं. तू उभी होतीस आणि मला ठाऊक होतं. मी स्वतःला सांगत होतो, आत्ता उठतो. मग वाटलं, पुढच्या बैठकीत. मग तू गेलीस. मग वाटलं, आता सांगून काय होणार. माणूस स्वतःशी किती बारीक हिशेबाने खोटं बोलतो हे मला छप्पन्नाव्या वर्षी कळलं, आणि मी म्हणे चुलीच्या उजेडात नकाशे वाचले.

२७ जानेवारीला स्नेहलने ऑफिसातली खोकी आवरायला काढली. एक माझ्याकडे दिलं, म्हणाली, काका, यात जुन्या मोजणीच्या वह्या आहेत, बघून घ्या. आपल्या घराचं पान मी टाळणार होतो, पण हात तिथेच गेला. निळ्या शाईत पंधरा, तुझ्या गोल अक्षरात. आणि त्याच्याखाली पेन्सिलीने, बारीक: वजा एक, चौदा. शेजारी कंसात "कडी". आणि तारीख. तारखेशिवाय माप म्हणजे अफवा, हे मीच तुला शिकवलं होतं. १९ ऑगस्ट. शनिवार. बैठकीच्या आदला दिवस.

मी ते पान किती वेळ बघत बसलो ते स्नेहलला विचार. ती दोनदा चहा ठेवून गेली आणि दोन्ही गार झाले. म्हणजे तुलाही ठाऊक होतं. तू तिथे उभी राहून सगळ्यांची बोलणी खाल्लीस आणि दाराशी बसलेल्या माझ्याकडे एकदाही बघितलं नाहीस. मला वाटायचं, रागाने बघितलं नसशील. आता कळतं की बघितलं असतंस तर सगळ्यांनी तुझ्या नजरेमागे बघितलं असतं. शून्याचं टोक धरावं तशी उभी होतीस, मुंगळे चढले तरी न हलता. फक्त "सोड" म्हणणारा गप्प होता.

गेल्या रविवारी मी बैठक बोलावली. चौसष्टांपैकी एकसष्ट घरांतून माणसं आली. वही आणि तुटकी टेप दोन्ही नेली, टेबलावर ठेवली आणि उभं राहून सगळं सांगितलं, वर लिहिलंय त्याच क्रमाने, शुक्रवारच्या सकाळीसकट. चाळीस वर्षं मी लोकांना चुका दाखवत आलो, त्या दिवशी आपली दाखवली. मग येसूबाई म्हणाली, "मंग दीड वरीस त्या पोरीला का बोलू दिलंत आमाला?" मी टेप तिच्यापुढे सरकवली. आबाने टेप उचलली, कडी बोटावर फिरवून बघितली आणि म्हणाला, "हौशीराम, लेका, येवड्याशा कडीपायी मला खुर्चीत बशिवलंस?" कोणी हसलं नाही. तोही नाही. मग टेप खाली ठेवून म्हणाला, "भित्तीचं काय करनार हाईस ते बोल."

भिंत मी सोमवारीच काढायला घेतली. धूळ ती. स्वयंपाकघरावर पत्राच आहे, स्लॅब नाही, म्हणून जमलं. कोणाला हात लावू दिला नाही. एकेक वीट काढली, साफ केली, फूटभर आत पुन्हा रचली. तू आखलेली खिडकी आहे तशीच बसवली. कडप्प्याचा ओटा एक फूट कापावा लागला. आता दोन शेगड्या शेजारी बसत नाहीत, एकच बसते, पण मी एकट्याचं किती शिजवणार. काल सकाळी वळण मोजलं. स्नेहलने मोजलं, टोकं बदलून आबाने मोजलं, मी लांब उभा राहिलो. दोन्ही वेळा पाच फूट पाऊण इंच. पाऊण इंच प्लास्टरसाठी ठेवलाय. मग स्ट्रेचर आणलं. येसूबाई झोपायला पुढे झाली तर आबाने तिला हटवलं, "ह्या खेपंला म्याच. मला सवय हाय." डोळे मिटून, हात छातीवर ठेवून पडला. एका दमात वळलं. पलीकडे उतरवलं तरी उठेना, तेव्हा येसूबाई म्हणाली, "आबा, पोचलो आपन, उतरा." मग उठला. आज दुपारपर्यंत अडतीसपैकी एकतीस कागद स्नेहलकडे परत आलेत. उरलेले सात जण म्हणतात, आधी ताई येऊ दे.

हे सगळं तुझी माफी मागायला लिहिलेलं नाही. माफी मला मागता येत नाही, आणि ती मागून मिळणाऱ्या गोष्टींसारखी नसावी असंही वाटतं. पत्र लिहिलं ते एका कामासाठी. अडतीस घरांची मोजणी २ मार्चला, रविवारी सकाळी सात वाजता खालच्या नळापासून सुरू करायची असं बैठकीत ठरलं आहे, आणि माझ्या एकट्याच्या मापावर विसंबायचं नाही असंही ठरलं आहे. तो ठराव मीच मांडला. कडीची टेप आता ऑफिसात खिळ्याला टांगली आहे. बाजारात जाऊन नवी आणली, शंभर फुटी, पहिल्या फुटासकट. इंदूरची नोकरी सोड असं म्हणत नाही, दोन दिवसांची रजा मिळाली तरी पुरे. पण यायचं झालं तर एक बदल आहे, तो आधीच कळवतो म्हणजे सगळ्यांसमोर बोलावं लागणार नाही. या वेळी कातळाशी मी बसेन. शून्याचं टोक मी धरतो. आकडा तू वाच, आणि तू "सोड" म्हणेपर्यंत मी हलणार नाही.

तुझाच,
आप्पा